पूल : पलीकडे नेणारा शब्द

नाचणगावला रेल्वेने जायचं, तर तिकीट पुलगावचं काढायचं. त्या नावातला ‘पूल’ दर वेळी कानात रेंगाळतो. हा पूल वर्धा नदीवरचा, रेल्वेचा.

मुलताईला उगम पावणारी ही नदी 1803च्या देवगावच्या तहाने सरहद्द झाली : पश्चिमेला निजामाचं वऱ्हाड, पूर्वेला नागपूरकर भोसल्यांचा मुलूख. नदी ओलांडायची ती उताराने किंवा नावेने. पावसाळ्यात पूर ओसरण्याची वाट बघत. 1867 साली रेल्वे नागपूरला पोचली आणि पुलाजवळच्या वस्तीला पुलाचंच नाव मिळालं. जुन्या नाचणगावच्या शेजारी नवं गाव वाढलं.

शब्द मात्र फार दुरून आला. अवेस्तातला ‘पेरेतु’ मध्य फारसीत ‘पुह्ल’ झाला, पुढे ‘पुल’, आणि फारसीतून मराठीत ‘पूल’. मूळ धातूचा अर्थ ओलांडणं. संस्कृत ‘पार’ त्याच कुळातला. इंग्रजी ‘फोर्ड’, म्हणजे नदीचा उतार, तोही. पारशी धर्मग्रंथांत मृताचा आत्मा चिन्वत पुलावरून पलीकडे जातो. आपल्याकडे ‘सेतु’ होता, कोकणात ‘संक्रम’पासून आलेला ‘साकव’ होता; तरी बोलण्यात पूल रुजला.

आज तो नदीपुरता उरलेला नाही. ‘उड्डाण’ला जोडून उड्डाणपूल झाला, पादचाऱ्यांसाठी पादचारी पूल झाला. दुरावलेल्या माणसांमध्ये संवादाचा पूल बांधायचं आपण बोलतो, तेव्हाही ‘पेरेतु’चा मूळ अर्थच कामाला येतो.