अर्जाला उत्तर मिळण्याचा हक्क

सातपूरच्या कारखान्यांचा माल वाहतो ट्रक, आणि ट्रक चालतो परवान्यावर. अर्ज कचेरीत पडून राहिला की गाडी दारात उभी राहते. कर्जाचे व्याज मात्र उभे राहत नाही. परवाना नाकारला तर १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या ८९ व्या कलमाखाली अपील करता येते. पण न दिलेल्या उत्तरावर अपील कशाचे करावयाचे?

या प्रश्नाला इतिहास आहे. १८७७ च्या विशिष्ट दादीच्या कायद्याने सार्वजनिक अधिकाऱ्याकडून कर्तव्य करवून घेण्याचा अधिकार मुंबई हायकोर्टास दिला होता. परंतु तो मुंबई शहराच्या हद्दीपुरताच. नाशिककराला तो दरवाजा बंद होता. २६ जानेवारी १९५० रोजी राज्यघटना अमलात आली आणि तिच्या २२६ व्या कलमाने तो सबंध राज्याला उघडला. पुढे १९५४ साली सगीर अहमद खटल्यात सुप्रीम कोर्टाने सार्वजनिक रस्त्यावर भाड्याची मोटार चालविणे हा नागरिकाचा हक्क मानला, सरकारची मेहेरबानी नव्हे.

अशा दाव्यांत कोर्ट सहसा 'परवाना द्या' म्हणत नाही. 'अमुक मुदतीत काय ते ठरवा' एवढेच म्हणते. कित्येकांना हे थोडके वाटते. आम्हां कामगार चळवळीतल्या माणसांना तसे वाटत नाही. नकार हाती आला की त्याची कारणे तपासता येतात, वर दाद मागता येते. मौनाशी भांडता येत नाही. म्हणून आम्ही सांगतो, अर्ज द्याल तेव्हा तारखेचा शिक्का मारलेली पोच घ्या. कोर्टात तुमची पहिली साक्ष तीच देईल.