१८ फेब्रुवारी : आनंद पटवर्धन यांचा जन्म

माहितीपटकार आनंद पटवर्धन यांचा जन्म १९५० साली मुंबईत झाला. घरात स्वातंत्र्यलढ्याचा वारसा होता. अहमदनगरचे अच्युतराव आणि रावसाहेब पटवर्धन हे त्यांचे काका.

‘हमारा शहर’मध्ये (१९८५) त्यांनी मुंबईतल्या झोपडपट्टीवासीयांची परवड टिपली. त्यात शाहीर विलास घोगरे गायले होते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. दहा जण ठार झाले. काही दिवसांतच घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी तेव्हा चित्रण सुरू केले आणि ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला तो १४ वर्षांनी! तीन तासांहून मोठा हा माहितीपट दलित वस्त्यांतून, शाहिरांच्या डफावरून महाराष्ट्राचा समकालीन इतिहास सांगतो. त्यांचे सर्वांत मोलाचे काम हेच, असे आम्हाला वाटते.

‘राम के नाम’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी दूरदर्शनवर तो दाखवला जावा यासाठी न्यायालयात जावे लागले. ‘जंग और अमन’वर सेन्सॉरने सुचवलेली कात्रीही मुंबई उच्च न्यायालयानेच रोखली. ‘वसुधैव कुटुंबकम’मध्ये (२०२३) मात्र कॅमेरा स्वतःच्या आईवडिलांकडे वळला.