हेर्टा टीले : दोन चित्रपट आणि एक नकार

दोन महायुद्धांमधील जर्मन चित्रपटाचा इतिहास बहुधा थोर दिग्दर्शकांच्या आणि मोठ्या स्टुडिओंच्या आधारे सांगितला जातो. अभिनेत्रींपैकी हॉलिवूडला गेलेल्या मार्लेन डीट्रिशचे नाव त्यात ठळकपणे येते. हेर्टा टीलेच्या वाट्याला क्वचित एखादी ओळ येते. चित्रपटातील तिची भरभराटीची कारकीर्द जेमतेम दोन वर्षांची. परंतु कलावंताचा आवाज बंद करण्यासाठी राज्यसत्तेला तुरुंगाचीच गरज भासते असे नाही, हे तिच्या चरित्रातून स्पष्ट होते.

तिचा जन्म ८ मे १९०८ रोजी लाइपझिग येथे झाला. तेथील रंगभूमीवरच १९३० साली क्रिस्टा विन्स्लो हिच्या नाटकातील मानुएला ही भूमिका तिला मिळाली. पुढील वर्षी याच नाटकावरून लेओन्टीन सागानने ‘मेडशेन इन उनिफॉर्म’ (गणवेशातील मुली) हा चित्रपट केला. त्यात एकही पुरुष पात्र नाही. लष्करी परंपरेतील घराण्यांच्या मुलींसाठी चालवलेल्या पॉट्सडाममधील निवासी शाळेत ही कथा घडते. उपासमारीलाच शिस्त मानणारी मुख्याध्यापिका, मुलींशी मायेने वागणारी एक शिक्षिका आणि त्या शिक्षिकेवर जीव जडलेली, आईवेगळी मानुएला. हे प्रेम मानुएला सर्वांसमक्ष बोलून दाखवते आणि तो अपराध ठरतो. तेवीस वर्षांच्या टीलेने ही चौदा वर्षांची मुलगी लाडिकपणाचा स्पर्शही होऊ न देता उभी केली. नाटकात मानुएला उडी घेऊन प्राण देते. चित्रपटात तिच्या सोबतिणी तिला वाचवतात. आज्ञापालनाच्या संस्कृतीवर ही टीका होतीच. पण स्त्रीच्या स्त्रीवरील प्रेमाचे चित्रणही त्यात तितक्याच उघडपणे आले होते.

दुसरा चित्रपट १९३२ सालचा ‘कूले वांपे’. ‘तीन पैशाचा तमाशा’मुळे मराठी नाट्यरसिकांना परिचित असलेला बेर्टोल्ट ब्रेख्त आणि एर्न्स्ट ओटवाल्ट यांची पटकथा, हान्स आयस्लरचे संगीत, स्लाटान डूडोवचे दिग्दर्शन. बेकार भाऊ हातातील घड्याळ काढून ठेवतो आणि खिडकीतून उडी घेतो. घरभाडे थकलेले कुटुंब बर्लिनबाहेरच्या तंबूंच्या वसाहतीत जाते. कारखान्यात राबणाऱ्या आनीची भूमिका टीलेने केली. येथे भावनोद्रेकाला वाव नाही. तिचा संयत, काहीसा कोरडा अभिनय ब्रेख्तच्या नाट्यदृष्टीशी जुळणारा आहे. सेन्सॉरने प्रथम बंदी घातली आणि नंतर काटछाट करून परवानगी दिली. हिटलर सत्तेवर आल्यावर १९३३ मध्ये चित्रपटावर पुन्हा बंदी आली.

त्याच वर्षी हान्स फालाडाच्या प्रसिद्ध कादंबरीवरील चित्रपटात टीले नायिका झाली. परंतु नव्या राजवटीच्या प्रचाराला हातभार लावण्यास तिने नकार दिला. त्या वर्षीच स्थापन झालेल्या ‘राइश फिल्म मंडळा’चे सदस्यत्व चित्रपटात काम करण्यासाठी अनिवार्य होते. अटक नाही, खटला नाही; सदस्यत्व काढून घेतले की व्यवसाय संपला. १९३६ मध्ये टीलेच्या बाबतीत हेच झाले आणि १९३७ मध्ये तिने स्वित्झर्लंडची वाट धरली. ‘मेडशेन इन उनिफॉर्म’ ज्याच्या कलाविषयक देखरेखीखाली तयार झाला, तो कार्ल फ्रोएलिश १९३९ मध्ये याच मंडळाचा अध्यक्ष झाला. एकाच चित्रपटातून निघालेल्या या दोन वाटांमध्ये त्या काळाची नैतिक परीक्षा सामावलेली आहे.

परदेशात भाषा ओळखीची होती, तरी काम नव्हते. बर्नच्या रंगमंचावर पाऊल ठेवायला १९४२ साल उजाडले. युद्धानंतर पूर्व जर्मनीत परतूनही तिचे बस्तान बसले नाही. पुन्हा स्वित्झर्लंडमध्ये जाऊन तिने मनोरुग्णालयात परिचारिकेचे काम केले. १९६६ मध्ये ती पूर्व जर्मनीत कायमची परतली आणि नाटक व दूरचित्रवाणीवरील छोट्या भूमिकांत रमली. सत्तरच्या दशकात स्त्रीवादी चळवळीने मानुएलाकडे नव्या दृष्टीने पाहिले, तेव्हा टीलेचाही शोध नव्याने सुरू झाला. ५ ऑगस्ट १९८४ रोजी पूर्व बर्लिनमध्ये तिचे निधन झाले. तिच्या मोजक्या भूमिकांचे मोल करताना, तिने न केलेल्या भूमिकाही हिशेबात धरल्या पाहिजेत.