‘डार्कलिंग’: अंधारात कोण आहे?

मॅथ्यू आर्नल्डची ‘डोव्हर बीच’ शिकवताना शेवटच्या कडव्याशी आले की एक विशेषण हमखास वाट अडवते. ते म्हणजे ‘डार्कलिंग’. विद्यार्थी कोश उघडतो, त्याला ‘अंधारा’, ‘काळोखा’ असा अर्थ मिळतो, तो समासात पेन्सिलीने टिपतो आणि पुढे जातो. आम्हीही विद्यार्थिदशेत हेच केले आणि नंतर वर्गात उभे राहून कित्येक वर्षे हेच सांगितले. हा अर्थ चुकीचा आहे असे म्हणता येणार नाही. परंतु या शब्दाच्या आयुष्यात तो फार उशिरा आलेला आहे, आणि तेवढाच धरून चालले तर मिल्टन, कीट्स, आर्नल्ड आणि हार्डी या चौघांच्याही कवितेतले काहीतरी मोलाचे हातून निसटते. ते काय, हे पाहण्यासाठी या शब्दाचा इतिहास थोडा मागे जाऊन वाचावा लागेल.

इंग्रजीत ‘-लिंग’ हे अंत्य रूप दोन निरनिराळ्या प्रत्ययांचे आहे. एक आपल्या परिचयाचा: ‘डकलिंग’ म्हणजे बदकाचे पिल्लू, ‘सॅपलिंग’ म्हणजे कोवळे रोप. हा प्रत्यय नामे घडवतो आणि पुष्कळदा लहानपणा सुचवतो. दुसरा प्रत्यय आता जवळजवळ लोपला आहे. तो दिशा किंवा स्थिती दाखवणारी क्रियाविशेषणे घडवीत असे. आज प्रचारात असलेल्या ‘हेडलाँग’ आणि ‘साइडलाँग’ या शब्दांची जुनी रूपे ‘हेडलिंग’ आणि ‘साइडलिंग’ अशी होती. ‘डार्कलिंग’ याच कुळातला आहे. पंधराव्या शतकापासून तो लिखित इंग्रजीत आढळतो, आणि तिथे तो विशेषण नसून क्रियाविशेषण आहे. त्याचा अर्थ ‘अंधारात’.

मराठी वाचकाला हा भेद समजावून सांगण्याची फारशी गरज नाही, कारण आपल्या भाषेत तो विभक्तीनेच स्पष्ट होतो. ‘अंधारी खोली’ म्हटले की अंधार खोलीचा झाला. ‘तो अंधारात बसला’ म्हटले की लक्ष बसणाऱ्याकडे जाते. जागा अंधारी आहे हे दोन्हींत आलेच, पण दुसऱ्या वाक्यात तो अंधार कुणावर तरी गुदरलेला आहे. ‘डार्कलिंग’ मुळात या दुसऱ्या जातीचा शब्द होता. त्याला कर्ता लागत असे.

शेक्सपिअरच्या नाटकांतले त्याचे उपयोग पाहिले की हे पटते. ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’मध्ये रात्रीच्या रानात डिमीट्रिअस हेलेनाला टाकून निघतो, तेव्हा मला अशी अंधारात सोडून जाणार का, असे ती विचारते, त्या प्रश्नात हा शब्द आहे. ‘किंग लिअर’च्या पहिल्या अंकात विदूषक कोकिळेचे पिल्लू पोसणाऱ्या चिमणीचा दाखला देतो आणि लगेच मेणबत्ती विझून सगळे अंधारात राहिल्याचे बोलतो. राज्य मुलींना वाटून बसलेल्या राजाला उद्देशून हे बोल आहेत. तिथे दिवा विझण्याचा अर्थ केवळ दिवा विझण्यापुरता नाही, हे प्रेक्षकाला सांगावे लागत नाही. दोन्ही ठिकाणी कुणीतरी मागे राहिले आहे आणि त्याला दिसत नाही. टाकून दिले जाणे आणि न दिसणे या दोन गोष्टी या शब्दाभोवती इतक्या आधीपासून एकत्र आल्या आहेत.

कवितेत या शब्दाला प्रतिष्ठा मिळाली ती मिल्टनमुळे. ‘पॅरडाइज लॉस्ट’ १६६७ साली प्रसिद्ध झाले. त्याच्या तिसऱ्या सर्गाच्या आरंभी कवी प्रकाशाला आवाहन करतो. हा कवी १६५२ पासून पूर्णपणे अंध होता आणि आपले महाकाव्य दुसऱ्यांकडून लिहवून घेत होता. ऋतू परत येतात, पण दिवस आपल्याकडे परत येत नाही, अशी व्यथा तो तिथे मांडतो. त्याच्या जरा आधी, दाट झाडीत लपून रात्री गाणाऱ्या पक्ष्याशी तो स्वतःची तुलना करतो. तो पक्षी ‘डार्कलिंग’ गातो. येथे ‘अंधारा पक्षी’ असा अर्थ केला तर सगळी ओळ कोसळते. पक्षी अंधारात आहे, म्हणून कुणाला दिसत नाही. गाणारा कवीही अंधारात आहे, म्हणून त्याला कुणी दिसत नाही. एकाच क्रियाविशेषणाने दोन्ही बाजूंचे न दिसणे सांभाळले आहे. आणि त्या न दिसण्यातूनच गाणे येते, ही नवी भर मिल्टनने या शब्दात घातली.

यानंतर या कथेत डॉ. सॅम्युएल जॉन्सन येतात, आणि प्रकरण अधिक रंजक होते. १७५५ सालच्या त्यांच्या कोशात या शब्दाची नोंद आहे. अर्थ त्यांनी बिनचूक दिला: अंधारात असणारा, प्रकाशाविना असणारा. शब्द केवळ काव्यातला आहे, हेही नोंदवले. पण व्युत्पत्तीपाशी ते अडखळले. त्यांच्या काळापर्यंत जुना प्रत्यय ओळखेनासा झाला होता. तेव्हा हे ‘डार्कल’ नावाच्या एखाद्या क्रियापदाचे धातुसाधित असावे, असा तर्क त्यांनी केला. मात्र असे क्रियापद आपल्याला कुठेही आढळले नाही, हेही त्यांनी प्रामाणिकपणे सांगितले, आणि ‘यंगलिंग’च्या धर्तीवरचे लघुत्वदर्शक रूप असण्याची शक्यताही पुढे ठेवली. गंमत अशी की, कोशाच्या सहा वर्षे आधी, १७४९ साली, ‘द व्हॅनिटी ऑफ ह्यूमन विशेस’ या आपल्या दीर्घ कवितेत दैवाच्या प्रवाहात वाहत जाणाऱ्या असहाय माणसासाठी त्यांनी हाच शब्द अगदी अचूक वापरला होता. कवीला जे कानाने समजले होते ते कोशकाराला उलगडेना. दिव्याखाली अंधार म्हणतात तो असा.

जॉन्सनना न सापडलेले ते क्रियापद पुढच्या शतकाच्या पहिल्या पंचवीस वर्षांत खरोखरच अवतरले. बायरनने ‘डॉन वॉन’च्या १८२३ साली प्रसिद्ध झालेल्या सहाव्या सर्गात ‘डार्कल’ हे क्रियापद ‘स्पार्कल’शी यमक जुळवून वापरले. शब्दाच्या शेवटी ‘-इंग’ ऐकू येते, तेव्हा आत क्रियापद असलेच पाहिजे, अशी इंग्रजी कानाची समजूत. त्या समजुतीतून आधी नसलेले क्रियापद निर्माण झाले. इंग्रजीत हे पहिल्यांदा घडले असेही नाही. ‘ग्रॉव्हलिंग’ म्हणजे ‘पालथे पडून’ हेही याच प्रत्ययाचे क्रियाविशेषण. त्यातून ‘ग्रॉव्हल’ हे क्रियापद निघाले. ‘साइडलिंग’मधून ‘साइडल’ निघाले.

या चुकीला हसण्याचे कारण नाही. आपल्या भाषापरंपरेतही असेच घडलेले आहे. ‘विधवा’ हा फार प्राचीन शब्द; लॅटिनमधला ‘विदुआ’ आणि इंग्रजीतला ‘विडो’ हे त्याचे सगोत्र. त्यातला ‘वि’ हा उपसर्ग समजला गेला, उरलेल्या भागातून ‘धव’ म्हणजे पती हा शब्द काढला गेला, आणि त्यातून पुढे ‘सधवा’ही सिद्ध झाली. ‘असुर’ शब्दातला आरंभीचा ‘अ’ नकारार्थी मानल्यामुळे ‘सुर’ जन्माला आले, असेही भाषाभ्यासक सांगतात. आज ‘सधवा’ किंवा ‘सुर’ हे शब्द चुकीचे आहेत असे कोण म्हणेल? व्युत्पत्तीची चूक पुरेशा लोकांनी पुरेसा काळ केली की ती भाषेची मिळकत होते. मजा म्हणजे इंग्रजीला जे क्रियापद असे गैरसमजातून घडवावे लागले, ते मराठीकडे ‘अंधारणे’ या रूपात सहज नांदते आहे. पावसाआधी ‘अंधारून येते’ असे आपण म्हणतो, तेव्हा तिथे कर्ताही लागत नाही.

आणि नेमके हेच ‘डार्कलिंग’च्या बाबतीत घडू लागले. क्रियापदाचा भास झाल्यावर ‘अंधारात असलेला’ या अर्थाशेजारी ‘अंधारत जाणारा’ हा अर्थ येऊन बसला. कर्ता हळूहळू मागे सरला आणि विशेषण जागेला, दृश्याला, आकाशाला लागू लागले. तंबोरा ज्वालामुखीच्या १८१५ सालच्या उद्रेकानंतर युरोपात उन्हाळा आलाच नाही, त्या १८१६ साली बायरनने ‘डार्कनेस’ ही कविता लिहिली. तिच्यात सूर्य विझलेला आहे आणि तारे ‘डार्कलिंग’ भटकत आहेत. येथे शब्द संक्रमणावस्थेत दिसतो. तारे अंधारात आहेत हे खरे, पण ते स्वतःच विझलेलेही आहेत.

तीनच वर्षांनी, १८१९ च्या मे महिन्यात, कीट्सने ‘ओड टु अ नाइटिंगेल’ लिहिली. तिचे सहावे कडवे याच शब्दाने सुरू होते. कीट्स मिल्टनचा बारकाईने वाचक होता. ‘पॅरडाइज लॉस्ट’ची त्याने टिपणे केलेली प्रत हॅम्पस्टेडच्या कीट्स हाउसमध्ये जपलेली आहे. मिल्टनचा शब्द त्याने उचलला, पण त्याची जागा बदलली. मिल्टनचा पक्षी अंधारात गातो. कीट्समध्ये कवी अंधारात ऐकतो. या कडव्याची तयारी आधीच्या कडव्यात झालेली आहे. तिथे पायाशी कोणती फुले आहेत हे त्याला दिसत नाही, वासावरून तो ती ओळखू पाहतो. ज्याचा भाऊ टॉम पाचच महिन्यांपूर्वी क्षयाने गेला होता, तो हा कवी त्याच कडव्यात मृत्यूविषयीची आपली ओढ उघड करतो. कीट्सने जुना, क्रियाविशेषणाचा अर्थ जसाच्या तसा ठेवला. ऐकणारा अंधारात आहे. ती रात्र कशी आहे हा मुद्दा दुय्यम.

आता आर्नल्डकडे परत येऊ. ‘डोव्हर बीच’ १८६७ साली प्रसिद्ध झाली, जरी ती बरीच आधी, १८५१ च्या सुमारास लिहिली गेली असे मानले जाते. येथे ‘डार्कलिंग’ हे उघड विशेषण आहे आणि ते मैदानाला लागले आहे. म्हणजे ‘अंधारे’ किंवा ‘अंधारत जाणारे मैदान’ हा अर्थ करावाच लागतो. पण थोडे थांबावे. या मैदानावर ज्या फौजा झुंजतात त्यांचे वर्णन कवीने अज्ञानवाचक शब्दाने केले आहे. अभ्यासक येथे थ्युसिडिडीसने वर्णिलेल्या इ. स. पू. ४१३ मधील एपिपोलीच्या रात्रीच्या लढाईची आठवण देतात. त्या चांदण्यात अथेन्सच्या सैनिकांना शत्रू कोण आणि आपला कोण हेच कळेना, आणि ते एकमेकांवरच तुटून पडले. कवीचे वडील टॉमस आर्नल्ड हे थ्युसिडिडीसचे संपादक होते, तेव्हा ही लढाई घरातलीच. हे ध्यानात घेतले की विशेषण मैदानाला जोडलेले असले तरी अंधार माणसांचा आहे, हे उमगते. कवितेच्या आरंभी समुद्रावर स्वच्छ चंद्रप्रकाश आहे. उजेडाची उणीव कुठेच नाही. न दिसणारी माणसेच आहेत. शब्दाचा नवा अर्थ वर आहे, जुना खाली वाहतो आहे. समासात ‘अंधारे’ एवढेच लिहिणाऱ्या विद्यार्थ्याला हा खालचा प्रवाह ऐकू येत नाही.

टॉमस हार्डीने तर हा शब्द कवितेत वापरलाच नाही. २९ डिसेंबर १९०० रोजी ‘द ग्राफिक’ या साप्ताहिकात त्याची कविता शतकाच्या मृत्युशय्येचा उल्लेख करणाऱ्या शीर्षकाने छापली गेली. पुढे ‘पोएम्स ऑफ द पास्ट अँड द प्रेझेंट’ या संग्रहात तिचे शीर्षक ‘द डार्कलिंग थ्रश’ झाले. एका शब्दाने त्याने मिल्टन, कीट्स आणि आर्नल्ड हे तिघेही आपल्या कवितेच्या दारात आणून उभे केले. मात्र त्याचा पक्षी नाइटिंगेल नाही. तो थ्रश आहे, म्हातारा आणि अशक्त, आणि गोठलेल्या संध्याकाळी उत्कटतेने गातो आहे. गाण्याजोगे आसपास काहीच दिसत नसताना या पक्ष्याला कसली आशा ठाऊक असावी, असे कवीला वाटते. स्वतःला मात्र ती ठाऊक नाही. शीर्षकात अंधार पक्ष्याच्या नावे लावलेला आहे. कविता वाचून झाल्यावर अंधारात नक्की कोण आहे, पक्षी की कवी, असा प्रश्न पडतो. शब्दाच्या साडेचारशे वर्षांच्या इतिहासाशिवाय हा प्रश्न पडणार नाही.

आज हा शब्द बोलण्यात नाही. त्याचा एक अकाव्यात्म वापर मात्र प्राणिशास्त्रात टिकून आहे. इंग्रजीत ‘डार्कलिंग बीटल’ म्हणून ओळखले जाणारे भुंगेऱ्यांचे एक मोठे कुळ आहे, आणि आपल्या पिठाच्या डब्यात होणारा तांबूस, बारीक किडा त्याच कुळातला. डब्याचे झाकण उघडताच तो उजेडापासून दूर पळू पाहतो. तो किडा अंधारा नव्हे, अंधारात राहणारा आहे. म्हणजे जुना अर्थ महाकाव्यातून निघून स्वयंपाकघरात सुखरूप पोहोचला आहे.

एवढे सगळे एका विशेषणासाठी कशाला, असे कुणी विचारील. आमचे उत्तर एवढेच की, कोशातला अर्थ शब्दाचा मुक्काम सांगतो, प्रवास सांगत नाही. आणि कवी बहुधा सगळा प्रवास एकाच वेळी वापरतात. या वर्षी ‘डोव्हर बीच’ शिकवताना आम्ही फळ्यावर ‘अंधारे’ असे लिहिले नाही. ‘अंधारात’ असे लिहिले आणि पुढे प्रश्नचिन्ह देऊन ‘कोण?’ असे विचारले. वर्ग थोडा वेळ गप्प राहिला. मग मागच्या बाकावरून उत्तर आले, ‘आपण.’