मधली माणसं

१ जुलै १८७९ रोजी हिंदुस्थानात पाव आण्याचं पोस्टकार्ड सुरू झालं. तेव्हा गावात वाचता येणारी माणसं बोटांवर मोजण्याइतकी. कार्ड यायचं एकाच्या नावावर आणि वाचायचा दुसराच. पोस्टमन, शाळामास्तर नाहीतर मौलवीसाहेब वाचून दाखवत, उत्तरही तेच लिहून देत. एका ख्यालीखुशालीला तीन-चार माणसं लागत.

१९७३ नंतर तेलाचे भाव वाढले, आखातात नोकऱ्या निघाल्या आणि आमच्या कोकणातली मुलं दुबई-कुवेतला गेली. पत्रांबरोबर कॅसेटी येऊ लागल्या. टेपरेकॉर्डर मोहल्ल्यात एखाद्याच घरी. मुलाचा आवाज ऐकायला आईसोबत शेजारणीही बसत. सगळ्या मिळून हसत, डोळे पुसत. कोपऱ्यातल्या सुनेला मात्र दोन शब्द एकटीनं ऐकायची सोय नसे, हेही सांगायला हवं. फोनचंही तसंच. कार्डावर नंबरापुढे ‘पीपी’ लिहिलेलं असे, म्हणजे फोन शेजाऱ्यांचा. शेजारी धावत बोलवायला येई आणि फोन होईस्तोवर चहा टाकलेला असे.

३१ जुलै १९९५ रोजी ज्योती बसूंनी कलकत्त्याहून दिल्लीला सुखराम यांच्याशी मोबाइलवर बोलून देशातल्या या सेवेची सुरुवात केली. २००३ मध्ये येणारे कॉल फुकट झाले आणि फोन खिशाखिशात गेला. जुलै २०१३ मध्ये तारही बंद झाली. निरोप थेट पोचू लागला. त्या सुनेला तिच्या हक्काचा आवाज मिळाला, याचा मला आनंदच आहे.

पण मित्रहो, निरोपाच्या निमित्तानं उंबऱ्याशी येणारी पावलं त्याच काळात थांबली. ब्रिटननं जानेवारी २०१८ मध्ये एकटेपणाचा प्रश्न एका मंत्र्याकडे सोपवला, फेब्रुवारी २०२१ मध्ये जपाननंही तेच केलं. जगात दर सहा माणसांमागे एकाला एकटेपणा ग्रासतो, असं जागतिक आरोग्य संघटनेनं जून २०२५ च्या अहवालात म्हटलं. याची कारणं अनेक आहेत. सगळा दोष फोनच्या माथी मारता येणार नाही. मला एवढंच दिसतं, की मधल्या माणसांचं काम गेलं आणि त्यांच्या येण्याला दुसरं निमित्त आपण शोधलं नाही.

आज परदेशातला मुलगा रोज पडद्यावर दिसतो. आई त्याला डोळे भरून पाहते, बोलते. फोन बंद होतो; आणि ‘काय म्हणाला गं?’ असं विचारणारं घरात कुणी नसतं.