खडकांवर पांघरलेला झगा

एखाद्या मुलुखाचा इतिहास वाचताना मी आधी तिथली नावं पाहतो. एकाच जागेला दोन नावं असली, की समजावं, इथे कुणाचं तरी म्हणणं ऐकायचं राहून गेलं आहे.

न्यूझीलंडच्या दक्षिण बेटावर, ख्राइस्टचर्चच्या वायव्येला सुमारे १०० किलोमीटरवर, डोंगररांगांमधल्या उंच खोऱ्यात चुनखडीचे प्रचंड खडक उभे आहेत. इंग्रज वसाहतवाल्यांना त्यांत पडक्या किल्ल्याचे बुरूज दिसले. त्यांनी नाव ठेवलं 'कॅसल हिल'. माओरी नाव त्याहून जुनं आहे, 'कुरा ताफिती'. म्हणजे, दूर देशाहून आलेला ठेवा.

या खडकांचा जन्म समुद्रातला. सुमारे ३ कोटी वर्षांपूर्वी सागरतळाशी शिंपल्यांचे आणि सूक्ष्म जीवांच्या कवचांचे थर साचले, दाबून घट्ट झाले. पुढे जमीन उचलली गेली. पावसाचं किंचित आम्लधर्मी पाणी चुनखडी विरघळवत राहिलं आणि आजचे गोलसर, पोकळ आकार उरले.

या खडकांच्या आडोशाला माओरी वाटसरू थांबत. त्यांनी कोळशानं काढलेली चित्रं इथे सापडली आहेत. नाई ताहू जमातीची परंपरा सांगते, की ताने तिकी या त्यांच्या पूर्वजानं या डोंगरावर हक्क सांगितला. कशासाठी? जवळच्या रानात काकापो हा हिरवा पोपट मुबलक होता आणि त्याच्या मऊ, चकाकत्या पिसांची वस्त्रं आपल्या लेकीनं, हिने मिहीनं ल्यावीत, अशी बापाची इच्छा होती. आज काकापो जपलेल्या मोजक्या जागांतच उरला आहे.

मग १८४८ साल उजाडलं. ब्रिटिश सरकारच्या वतीनं हेन्री केम्प यांनी नाई ताहूंकडून सुमारे १ कोटी ३५ लाख एकर जमीन घेतली, अवघ्या २ हजार पौंडांत. जमातीची राहती ठिकाणं आणि 'माहिंगा काई' त्यांच्याकडेच राहतील, असं करारात होतं. माहिंगा काई म्हणजे अन्न मिळवण्याच्या साऱ्या जागा: नद्या, पाणथळी, पक्ष्यांची रानं. सरकारनं मात्र अर्थ लावला तो फक्त लागवडीच्या जमिनींचा. एका शब्दाचा अर्थ आकसला आणि त्याबरोबर रानावनावरचा हक्कही गेला.

पुढच्याच वर्षी, १८४९मध्ये, मातिआहा तिरामोरेहू या म्होरक्यानं लेखी तक्रार केली. पिढ्या सरल्या, तक्रार सरली नाही. १९८६मध्ये ती वाइतांगी न्यायाधिकरणापुढे गेली. १९९१च्या अहवालानं अन्याय झाल्याचं मान्य केलं. १९९८च्या कायद्यानं सरकारनं माफी मागितली, १७ कोटी न्यूझीलंड डॉलरची तडजोड झाली आणि कुरा ताफितीला 'तोपुनी' हा दर्जा मिळाला.

तोपुनी हा शब्द मला फार बोलका वाटतो. पूर्वी माओरी सरदार एखाद्या माणसावर किंवा जागेवर आपला झगा पांघरत असे. झगा पडला, की ती जागा त्याच्या संरक्षणाखाली आली. ती चाल आता कायद्यात आली आहे. मराठीत पांघरूण घालणं म्हणजे चूक झाकणं. इथे पांघरूण घातलं गेलं ते दीडशे वर्षांची चूक उघडपणे कबूल केल्यावर!

झगा पांघरला म्हणून जमीन परत मिळाली, असं मात्र नाही. खडक राखीव सरकारी क्षेत्रातच आहेत. पर्यटक येतात, गिर्यारोहक चढतात, त्याला मनाई नाही. फरक इतकाच, की या जागेचा कारभार करताना नाई ताहूंच्या भावनांचा विचार करणं सरकारला आता बंधनकारक आहे. हे पुरेसं आहे का, याचं उत्तर नाई ताहूंनीच द्यायचं. पण ज्यांचं म्हणणं इतकी वर्षं कुणी मनावर घेतलं नाही, त्यांना विचारल्याशिवाय आता पुढे जाता येत नाही, हेही काही थोडं नाही.