झाडूवाल्या बायांचा इतिहास

ज्याच्या हातात लेखणी, त्याचा इतिहास. हे आपण सोसलंय. पण ज्यांच्या हातात झाडू होता त्यांनी काय केलं, ते ऐका मित्रांनो.

जमैका. आफ्रिकेतून गुलाम म्हणून पकडून आणलेल्यांच्या लेकरांचं बेट. १९७७ साली किंग्स्टन शहरात, सरकारी रोजगार योजनेवर रस्ते झाडलेल्या काळ्या बायांना कामगार सप्ताहात नाटक करायचं होतं. ऑनर फोर्ड-स्मिथ ही शिकलेली नाट्यकर्मी मदतीला आली. तिनं तयार संहिता आणली नाही. विचारलं, तुम्हाला काय सांगायचंय? बाया बोलल्या. बाई म्हणून जे भोगलं ते बोलल्या. त्यातून नाटक झालं, 'सिस्ट्रेन' ही नाट्यसंस्था उभी राहिली.

१९८० साली किंग्स्टनच्या ईव्हनटाइड या निराधार म्हाताऱ्यांच्या आश्रमाला आग लागली. सुमारे दीडशे गरीब म्हाताऱ्या मेल्या. १९८१ साली 'क्यूपीएच' नाटकात या बायांनी अशा म्हाताऱ्यांचं जगणं रंगमंचावर आणलं.

१९८६ साली 'लायनहार्ट गॅल' हे पुस्तक निघालं. कहाण्या टेपवर घेतल्या आणि बहुतेक पॅट्वातच छापल्या. पॅट्वा म्हणजे त्यांची बोली. शिकलेल्यांनी 'मोडकं इंग्रजी' म्हणून हिणवलेली. पुस्तकावर आधी नाव सिस्ट्रेनचं, मग ऑनरचं.

खरी मेख इथंच आहे. शिकलेला माणूस वस्तीत जातो, बाईची कहाणी उचलतो, भाषा 'शुद्ध' करतो, वर नाव स्वतःचं टाकतो. आपल्यातलेही करतात. म्हणून सांगतो, आई-आजी बोलायला लागली की तिचा शब्द बदलू नका. आणि नाव तिचंच छापा.